वरच्या फळीवरचा जोड

नाव: शशिकांत बाबूराव आगवणे. वय: पासष्ट. हुद्दा: वरिष्ठ कारागीर, लष्करी विभाग (विभागातील एकूण कर्मचारी: एक). सेवाकाल: चौतीस वर्षे, दोन महिने. वक्तशीरपणा: समाधानकारक. घोडेस्वारीचा अनुभव: लागू नाही. मापातील चुका: निरंक. शिस्तभंगाची कारवाई: निरंक.

इंग्लंडमधल्या नॉर्थॅम्प्टनच्या एका जुन्या बूट कंपनीने २००९ साली आगवण्यांना निवृत्त करताना हा कागद दिला. तो खोटा आहे असं म्हणवत नाही. त्यात लिहिलेलं सगळं कंपनीला तसंच माहीत होतं.

आगवण्यांचे वडील कोल्हापुरात पायताणं शिवायचे. मुलगा पंच्याहत्तर साली मेहुण्याच्या मागे इंग्लंडला आला आणि तिथेही चामड्यालाच लागला. फरक एवढाच, की आता गिऱ्हाईक ब्रिटिश घोडदळाचे अधिकारी. या घोडदळाकडे घोडे जवळपास उरलेले नाहीत, रणगाडे आहेत. पण रणगाड्यातल्या माणसालाही समारंभाला गुडघ्यापर्यंतचे बूट लागतात, आणि बूट शिवायला पाय लागतो. तो पाय कारखान्यात फळीवर असतो.

म्हणजे असं. पोरगा सैन्यात अधिकारी झाला की त्याच्या पावलांचं माप घेऊन लाकडाचा जोड कोरतात. त्याला फर्मा म्हणायचं. चामडं त्याच्यावर ताणून बूट बनतो. बूट अधिकाऱ्याकडे जातो, फर्मा कारखान्यात राहतो, टाच बाहेर करून, आणि टाचेवर शाईने नाव व हुद्दा. बढती मिळाली की आगवणे जुना हुद्दा खोडून खाली नवा लिहीत. पाऊलही तोवर पसरलेलं असे. मग फर्म्यावर त्या जागी चामड्याचा तुकडा ठोकायचा. साधारण एका हुद्द्याला एक सूत, म्हणजे इंचाचा आठवा भाग, असा त्यांचा हिशेब होता.

ह्यू ट्रेमेन या माणसाला त्यांनी अशा रीतीने सेकंड लेफ्टनंटपासून ब्रिगेडियरपर्यंत नेलं होतं. लेफ्टनंटपेक्षा मेजर मोठा, पण मेजर जनरलपेक्षा लेफ्टनंट जनरल मोठा, हे ते घरी यमुनाबाईंना दर बढतीला समजावून सांगत. यमुनाबाई पोळ्या लाटता लाटता ऐकत आणि विचारत, "आणि तुमच्यापेक्षा लहान कोण आहे हो तिथे?"

अधिकारी मेला की फर्मा वरच्या फळीवर. नाव खोडायचं नाही, हुद्दाही नाही. मेलेल्याच्या फर्म्यावर जिवंत माणसाचा बूट चढवायचा नाही, हा नियम. कंपनीच्या पुस्तकात त्याचं कारण मापाची अचूकता असं दिलं होतं आणि शिक्षा बडतर्फी अशी. आगवण्यांना काम शिकवणाऱ्या म्हाताऱ्या फोरमनने दुसरं काही कारण असल्यासारखा चेहरा केला होता, पण तो इंग्रज असल्यामुळे तेवढ्यावरच थांबला.

२००३ च्या वसंतात लेफ्टनंट टोबी एल्डरशॉचा फर्मा वर गेला. बसऱ्याबाहेरच्या एका रस्त्यावर त्याची गाडी उडाली. वय पंचवीस. त्याच्या फर्म्यावर चामड्याचा एकही तुकडा नव्हता. पाऊल पसरायला हुद्दे लागतात. आगवण्यांना तो आठवत होता कारण तो दोनदा स्वतः येऊन गेला होता. डाव्या बुटाची टाच बाहेरच्या कडेने झिजवायचा. ब्रिगेडियर ट्रेमेन परेडवर त्याच टाचेवरून झापतात, असं हसत सांगून गेला होता. तो मेला तेव्हा तिथली ब्रिगेड ट्रेमेन यांच्याच हाताखाली होती. हेही आगवण्यांना माहीत होतं, पण ते त्यांच्या कामाचं नव्हतं.

दोन वर्षांनी ट्रेमेन मेजर जनरल झाले. नव्या बुटांची ऑर्डर आली, तीन आठवड्यांत हवेत अशी. आगवण्यांनी फर्मा काढला तर भिंतीतून पाझरलेल्या पाण्याने तो फुगून चिरलेला. जनरल परदेशात, नवं माप मिळणार नाही. कंपनीला सांगितलं असतं तर तारीख हुकली असती, आणि तीस वर्षांत आगवण्यांची तारीख एका दिवसानेही हुकलेली नव्हती. त्यांनी पट्टी घेऊन खालच्या फळ्या पाहिल्या. मग शिडी लावली.

एल्डरशॉचं पाऊल लांबीला तंतोतंत होतं. तुकडे ठोकले, रुंदी जमली. बूट वेळेवर गेले. "आजवरचे सर्वोत्तम," असं जनरलच्या कचेरीतून पत्र आलं. आगवण्यांनी तुकडे उपसून फर्मा परत वर ठेवला, टाच बाहेर करून.

चार दिवसांनी त्याचा चवडा बाहेर होता.

त्यांनी तो फिरवला. पुढच्या आठवड्यात पुन्हा चवडा बाहेर, निघायच्या तयारीत असल्यासारखा. सफाईवाल्याला विचारलं, तो वरच्या फळीला हात लावत नव्हता. उंदीर म्हणावेत, तर उंदीर डावा-उजवा एकदम फिरवत नाहीत. आगवणे दर सोमवारी फर्मा सरळ करू लागले आणि कामाच्या वहीत त्याला 'देखभाल' म्हणू लागले. असं वर्ष गेलं. जेवण कमी झालं तेव्हा यमुनाबाईंनी खोदून विचारलं. त्यांनी सांगितलं.

"अहो, देवळाबाहेर चुकून दुसऱ्याच्या चपला पायात आल्या तर घरी येईपर्यंत पायाला कळतं," त्या म्हणाल्या. "तुम्ही तर मेलेल्या पोराचा पाय दिलात. त्या माणसाला सांगून टाका."

पेन्शनला तीन वर्षं उरली होती. सांगणं म्हणजे बडतर्फी. आगवण्यांनी सांगितलं नाही.

२००६ च्या नोव्हेंबरात जनरल ट्रेमेन स्वतःच आले. जनरल कारखान्यात येत नसतात, कारखाना त्यांच्याकडे जातो. त्यांनी दार लावून घेतलं, पिशवीतून बूट काढले आणि डावा बूट टेबलावर उलटा ठेवला. टाच बाहेरच्या कडेने झिजली होती. आगवण्यांनी सवयीने पट्टी लावली. एक सूत.

"हे मी चार वेळा घातलेत," जनरल म्हणाले. "चारही वेळा घोड्यावर."

घोड्यावर बसलेल्या माणसाची टाच झिजत नाही. हे घोडेस्वारीचा अनुभव नसलेल्यालाही कळतं.

आगवण्यांकडे उत्तर तयार होतं. चामड्याची ती खेप कमअस्सल निघाली, टाच बदलून देतो, पैसे नाहीत. ते वर्षभर घोटलेलं होतं.

"असा चालणारा माझ्या ओळखीत एकच होता," जनरल म्हणाले. "मिस्टर आगवणे, हे बूट कुणाच्या पायाचे आहेत?"

आगवण्यांनी पुढे यमुनाबाईंना सांगितलं, की तो प्रश्न जनरलने विचारल्यासारखा नव्हता. दवाखान्यात बाहेर बसलेला माणूस विचारतो तसा होता. त्यांनी शिडी लावली. फर्मा आजही चवडा बाहेर करून उभा होता. तो खाली आणून टेबलावर ठेवला आणि टाच जनरलकडे फिरवली, नाव वाचता येईल अशी.

"चूक माझी आहे, सर. कंपनीला कळवायचं असेल तर वरच्या मजल्यावर ऑफिस आहे."

जनरलने नाव वाचलं. मग हुद्दा वाचला. एक शब्द वाचायला लागतो त्याहून बराच जास्त वेळ त्यांना लागला.

"त्या सकाळी दुसरा रस्ता होता," ते म्हणाले. "लांबचा होता, एवढंच."

आगवण्यांनी टाच दुरुस्त करून देऊ का असं विचारलं. नको म्हणाले. बूट पिशवीत घातले आणि गेले. वरच्या मजल्यावर गेले नाहीत. त्यानंतर फर्मा जागचा हलला नाही. देखभाल बंद झाली. 'निरंक' आला तो असा.

२००९ च्या मार्चमध्ये जनरल ट्रेमेन आजारपणात वारले. अडीच वर्षं त्यांनी बूट घातलेच नव्हते. त्यांच्या नोकराने सांगितलं, कपाटात कुलपात होते. घोडदळात अशा वेळी रिकामा घोडा चालवतात आणि रिकिबीत मेलेल्याचे बूट उलटे अडकवतात, टाच पुढे. रेजिमेंटने बूट पॉलिशसाठी कारखान्यात पाठवले. सोबत चिठ्ठी: डावी टाच दुरुस्त करावी. आगवण्यांनी दोन दिवस पॉलिश केलं. टाचेला पट्टी लावली, पण हात लावला नाही. वहीत लिहिलं: दुरुस्तीची आवश्यकता नाही.

अंत्ययात्रेला त्यांना 'पुरवठादार' या रांगेत जागा होती, चर्चच्या भिंतीकडे. छापील कार्यक्रमपत्रिकेत सातव्या क्रमांकावर लिहिलं होतं: दिवंगत जनरलचा घोडा, रिकिबीत त्यांचे स्वतःचे बूट.

डावी टाच तीन सूत झिजलेली होती.