मागे वळून पाहायची सवय

आमचे धाकटे भावोजी शाळेच्या मुलांची गाडी चालवतात. चालवत होते, असं आजपासून लिहायला हवं.

भावोजी मुलखाचे बडबडे. गाडी चालवता चालवता मान वळवून एकेकाची फिरकी घ्यायचे, "काय डॉक्टरसाहेब, आज दात घासले का?" मुलं खिदळायची. आम्हाला घरी त्याचं कौतुकच.

सहा महिन्यांपूर्वी अशीच मान वळली आणि सायकलवरून चाललेल्या शिवणकाम करणाऱ्या बाईंना धडक बसली. त्यांचा पाय मोडला. शिलाई मशीन पायाने चालवायचं, तेव्हा हातातलं कामही गेलं. भावोजींनीच त्यांना दवाखान्यात पोचवलं आणि पोलिसांना कळवलं.

गुन्हा त्यांनी कबूल केला होता. आज शिक्षा ठरायची होती. वकिलांनी बजावलं होतं, की दारू नाही, वेग नाही, पळून गेला नाहीत, आधीचा डागही नाही. क्षणाची चूक ठरली तर दंडावर भागेल, लायसन वाचेल. फक्त जास्त बोलू नका. भावोजींना हे सांगणं म्हणजे नळाला गळू नको म्हणणं. सकाळी देवापुढे बसून मी दोन गोष्टी मागितल्या. लायसन वाचू दे, आणि भावोजींच्या तोंडून खोटं निघू नये.

कोर्टात त्या बाई कुबडी टेकून बसल्या होत्या. न्यायाधीशबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "गाडी चालवताना मागे वळून पाहिलंत, ते त्याच दिवशी का?"

वकिलांनी घसा खाकरला. भावोजींनी कुबडीकडे पाहिलं.

"नाही. रोजच पाहायचो. मुलांना मजा यायची."

कबुली, मदत, स्वच्छ नोंद, हे न्यायाधीशबाईंनी जमेस धरलं; तुरुंग टळला. पण क्षणाची चूक वेगळी आणि रोजचा निष्काळजीपणा वेगळा, त्यातून गाडीत लेकरं, असं त्या म्हणाल्या. त्या बाईंना भरपाई द्यायची आणि लायसन दोन वर्षं बंद.

बाहेर आल्यावर जाऊबाई पदराने डोळे पुसत म्हणाल्या, एरवी घरी उशिरा आले की दहा थापा मारतात, खरं बोलायचं आजच सुचलं यांना.

भावोजी माझ्याकडे वळले. "वहिनी, तुमच्या देवाला नेमकं काय सांगितलं होतंत?"



संध्याकाळी दिवा लावला, मागितलं मात्र काही नाही. गाडी दारात उभी आहे. भावोजी तिच्या पुढच्या सीटवर केव्हाचे बसलेत, समोर बघत. जेवायला हाक मारायची आहे, पण माझा पाय उंबऱ्याबाहेर पडत नाही.