दुफाट्याच्या तीन पावलं अलीकडे

लुक दाओला सख्खा भाऊ नव्हता, तोंग होता. लांग सोनच्या डोंगरात एकाच साली जन्मलेले दोन जण कोंबडा कापतात, त्याच्या रक्ताचे थेंब मक्याच्या दारूत घालून पितात आणि तोंग होतात. मग याची आई ती त्याची आई. दाओ व्हिएतनामचा, वेइ चीनचा. मधली सरहद्द म्हणजे चक्रीफुलांची पोती घेऊन बाजाराला जाताना ओलांडायचा ओढा. दोन्ही काठांवर तांबडे झेंडे, दोन्हीकडच्या शाळांत एकाच मैत्रीची गाणी.

अमेरिकी विमानं येऊ लागली तेव्हा वेइ मजुरांच्या तुकडीबरोबर इकडे रस्ता बांधायला आला. जेवायला दाओच्या घरी. बॉम्ब पडू लागले की अख्खं गाव डोंगरातल्या गुहेत शिरायचं, त्यांच्यात वेइसुद्धा. गुहेचं तोंड बाहेरून दगड रचून बुजवायची युक्ती त्याचीच.

मग दोन्ही देशांच्या वरच्यांचं बिनसलं. कशावरून, ते या डोंगरात कुणालाच नीट कळलं नाही. गाणी थांबली. शाळेच्या भिंतीवरच्या मैत्रीच्या चित्राला चुना फासला गेला. ओढ्याकाठी टोकदार बांबू रोवले. अठ्ठ्याहत्तर साली जिल्ह्याहून पक्षाचा कार्यकर्ता प्रत्येकाच्या नात्यागोत्याचा कागद भरायला आला.

"भाऊ किती?"

"एक," दाओ म्हणाला.

"कुठं असतो?"

"पलीकडं. वेइ. तोंग आहे माझा."

कार्यकर्त्याने लेखणी खाली ठेवली. "अरे गाढवा, तोंग म्हणजे दोस्त. भाऊ कशाला सांगतोस?"

"दोस्त कसा? माझ्या बापाला खांदा दिलाय त्यानं."

"असं? मग तुझी बंदूक ठेव इथं."

गावच्या रक्षकदलात आता बिनबंदुकीचा तो एकटाच. "दाओ, शत्रू आला की चहा ठेव," पोरं म्हणायची, "घरचाच माणूस तो!"

पुढच्या फेब्रुवारीत पहाटे पलीकडून तोफा सुरू झाल्या. शेजारच्या नोंग म्हाताऱ्याच्या घराच्या जागी खड्डा झाला. म्हातारा सापडलाच नाही, त्याच्या म्हशीचं मुंडकं तेवढं चक्रीफुलाच्या झाडाखाली पडलं होतं. दाओने आई, बायको आणि गावातली अठ्ठावीस माणसं गुहेत कोंबली.

"तू पण आत ये रे," आई म्हणाली.

"मग दगड कोण लावणार?"

दगड रचून तो वाटेवरच्या झुडपात बसला. हातात फांद्या छाटायचा कोयता. नऊच्या सुमारास खालून पलीकडचे दहा-बारा शिपाई चढत आले. पुढे वाटाड्या होता. डावा पाय जरासा फेकून टाकायची ती चाल दाओने पानांआडूनच ओळखली. वेइ होता तो.

समोर दुफाटा होता. उजवी रुंद वाट गावाकडे जायची, डावी गुहेकडे. पलीकडच्या अख्ख्या फौजेत त्या डाव्या वाटेची माहिती एकाच माणसाला होती.

वेइ तसं करणार नाही, दाओचं मन म्हणालं. त्याच्या पाठीला बंदूक लागलीय, हेही तेच मन म्हणालं. गुहेत एक बॉम्ब टाकला तर तीस माणसं. दाओला आपलं मन दोन माणसांसारखं भांडताना ऐकू येत होतं, आणि वेइची पावलं जवळ येत होती.

दुफाटा तीन पावलांवर असताना दाओने उडी घेतली. कोयता मानेत असा रुतला की निघेना. वेइने दोन्ही हातांनी त्याचा सदरा धरला, पडणारा माणूस धरतो तसा, आणि तोंडातून शब्दाऐवजी रक्त आलं. गोळ्या सुटल्या. एक दाओच्या खांद्यातून आरपार गेली. तो दरीत गडगडला. वाटाड्या मेल्यावर शिपायांनी रुंद वाट धरली. गाव दोन दिवस जळत होतं.

गुहेतली तीसही माणसं वाचली. दाओने सांगितल्यावर आईने त्याच्या सदऱ्यावरचं रक्त पाहिलं. मग म्हणाली, "एका पोराचं रक्त अंगावर घेऊन दुसरं पोर घरी आलंय. जेवायला कुणाला वाढू मी?"

कार्यकर्त्याने बंदूक परत दिली, छातीवर पदक लावलं. "आता भाऊ किती?" त्याने हसत विचारलं.

बारा वर्षांनी वरच्यांचं पुन्हा जुळलं. पेपरात हात मिळवल्याचे फोटो आले, बांबू उपटले गेले, बाजार भरला. पहिल्याच बाजाराला वेइची बायको मेइ कावडीने मातीची भांडी घेऊन आली. दाओला पाहून तिने कावड उतरवली.

"भावजी, इतक्या वर्षांत कुणी काही सांगितलं नाही. त्यांना कुणी मारलं?"

"मी."

"का?"

"गुहेत तीस माणसं होती, वहिनी. आई होती. दुफाट्यावरून एक वाट तिकडं जायची, एक गावाकडं."

"ते कुठल्या वाटेला वळत होते?"

"दुफाटा अजून तीन पावलं होता."

"ते नाही विचारलं मी."

"मी वळू दिलं नाही त्याला. बघायला थांबलोच नाही."

मेइने कावडीचा दांडा उपसला. पहिला फटका दाओच्या कानावर बसला, दुसरा त्या जुन्या खांद्यावर. तो गुडघ्यांवर आला. भांडी फुटली, माणसं मागे सरली. एक पोलीस धावत आला.

"ओ बाई! आत्ता कुठं मैत्री झालीय, पहिल्याच बाजारात काय हे?"

"तिला हात लावू नका," दाओ म्हणाला. त्याच्या तोंडातून रक्त गळत होतं. "मार, वहिनी."

दांडा मोडला. तिने उरलेला अर्धा दोन्ही हातांत घट्ट धरला आणि पुन्हा उचलला.