स्टेशन येणार म्हणून

रिटायर झाल्यावर स्टील प्लांटचं क्वार्टर सोडावं लागलं, तेव्हा बाबांनी मोठ्या रस्त्याला लागून छोटं घर बांधलं. दोन खोल्यांवर स्लॅब पडला, स्वयंपाकघरावर सिमेंटचे पत्रे. आईला म्हणाले, "पुढच्या वर्षी इथंही स्लॅब टाकू."

त्याआधीच सर्वेवाले आले. भिंतीवर लाल रंगाने एक आकडा लिहिला आणि जाताना म्हणाले, "चाचाजी, यहाँ लाइट मेट्रो का स्टेशन बनेगा."

बाबांचा सगळा जन्म रेल मिलमध्ये गेला होता. "जिंदगीभर दुसऱ्याच्या गावासाठी रूळ बनवले," ते म्हणाले, "आता आपल्या दारात गाडी येऊन राहिली." त्या दिवसापासून ते रोज सकाळी चहाच्या टपरीवर जाऊन लोकांना जिना कुठे उतरणार, तिकीटखिडकी कुठे असणार हे समजावू लागले.

दुसऱ्या पावसाळ्यात पत्र्याला तडा गेला. आईने मिस्त्री बोलवायला सांगितलं.

"घर तुटणारच आहे. त्याच्यावर कायले खर्च करतं?"

"तुटंल तवा तुटंल. आज माह्या चुलीवर पाणी पडून राहिलं."

मी बाबांचीच बाजू घेतली. मलाही ते स्टेशन हवं होतं. रसमडा गावातल्या कारखान्यात कामाला जाताना शेअर ऑटोत अंग चोरून बसायचा मला वीट आला होता. "थांब न जरा, आई. नव्या घरात तुले मोठा ओटा करून देऊ," मी म्हटलं. आईने गळतीखाली पातेलं ठेवलं. असे तीन पावसाळे गेले.

त्यापुढच्या पावसाळ्यात एका सकाळी भरलेलं पातेलं रिकामं करायला उचलताना ती घसरली. खुब्याचं हाड मोडलं. मी कामावर होते, बाबा टपरीवर. ते परत येईपर्यंत ती ओल्या फरशीवर तशीच पडून होती. दवाखान्यात बाबांनी रडत विचारलं, "हाक कावून नाई मारली?"

"मारली नं," आई म्हणाली. "मले वाटलं स्टेशनवाले येतील उचलाले."

ऑपरेशननंतर मी सरकारी कचेरीत गेले. घर कधी पाडणार, हे एकदाचं विचारायचं होतं. बाबूने फाईल काढली, आमचा आकडा शोधला आणि माझ्याकडे पाहिलं. ती फक्त मोजणीची खूण होती. कामाला मंजुरीच नव्हती.

"मकान खाली करने को बोला था क्या किसी ने?"

कोणी म्हटलं नव्हतं. एक कागदसुद्धा आला नव्हता. भांडावं असं समोर कोणी उरलंच नाही.

घरी येऊन सांगितलं. बाबा म्हणाले, "नकाशा बदलला असंल." आईने खाटेवरूनच मिस्त्रीला फोन लावला. महिनाभरात स्वयंपाकघरावर स्लॅब पडला. त्या कामात तिने आम्हा दोघांना एक शब्दही विचारला नाही.

आता तिला ओट्यापाशी उभं राहता येत नाही. स्वयंपाक बाबा करतात. ती दारात खुर्ची टाकून बसते आणि सांगते, "मीठ टाक. गॅस कमी कर." त्यांच्याशी ती एवढंच बोलते. मी भाजी चिरायला पुढे झाले की म्हणते, "राहू दे, तुले उशीर होऊन राहिला." मग मी डबा उचलते आणि कामाला निघते.