दिगूला बाहेरचं झालं

कौस्तुभने मुंबईहून आपला पाळीव इग्वाना आईकडे आणून सोडला, तेव्हा शेवंतीकाकू आठवडाभर पडवीतच झोपल्या. घरमालकाला सरडा चालत नव्हता, आईला चालेल असं त्याने परस्पर ठरवून टाकलं होतं. सरड्याचं नाव डिएगो. काकूंनी त्याचा दिगू केला, त्याला जास्वंदीची पानं भरवली आणि बघता बघता मुलापेक्षा त्याच्याशीच जास्त बोलू लागल्या. मुलगा मध्येच फोन ठेवायचा, दिगू शेवटपर्यंत ऐकायचा.

मग दिगू खंगू लागला. पानं पूर्वीइतकीच खायचा, पण कमरेची हाडं वर आली आणि शी पातळ झाली. हा गेला तर घरात बोलायचं कुणाशी, या विचाराने काकूंचा जीव थाऱ्यावर राहिना.

त्यांचे चुलतदीर बाबलीभावजी गावात देवाला गाऱ्हाणं घालायचे. देवाशी त्यांची ओळख जुनी, कोंबड्याशी त्याहून जुनी. दिगूकडे लांबूनच बघून ते म्हणाले, "वयनी, ह्या भायरचा आसा. कोंबो देवक व्हयो."

बाहेरचं म्हणजे भुताखेताचं. काकूंनी मुकाट्याने कोंबडा दिला. गाऱ्हाण्याच्या प्रत्येक वाक्याला "व्हय म्हाराजा" म्हणायला भावजी घरची सगळी माणसं घेऊन आले आणि ती माणसं कोंबडी-वडे संपेपर्यंत मोठ्या भक्तिभावाने बसली. दिगू आणखी वाळला. भूत हट्टी आहे म्हणून दुसराही कोंबडा गेला. भुताचा हट्ट काही सुटला नाही, भावजींच्या लेंग्याची नाडी मात्र आखूड पडू लागली.

शेवटी काकूंनी दिगूला आंब्याच्या पेटीत घातलं, त्याची शी श्रीखंडाच्या रिकाम्या डब्यात घेतली आणि एसटीने कणकवली गाठली. जनावरांच्या डॉक्टर संचिताबाईंनी शी सूक्ष्मदर्शकाखाली पाहिली.

"बाहेरचं आहे का हो?" काकूंनी भीत भीत विचारलं.

"बाहेरचं कसलं? आतलंच आहे. पोटात जंत झालेत. थोडे असले तर सरडा त्यांना पोसतो. फार झाले की खातो हा आणि माजतात ते."

असं कुणीतरी आपण रोज बघतो, असं काकूंना वाटलं. डॉक्टरांनी दिगूचं वजन करून औषध पाजलं आणि पुढच्या वेळी पुन्हा शी आणायला सांगितली.

औषध लागू पडलं. दिगू अंग धरू लागला. पुन्हा कणकवलीला निघायच्या दिवशी काकूंनी डबा भरून पडवीत ठेवला आणि दिगूला पेटीत घालायला त्या आत गेल्या. तेवढ्यात भावजी आले.

"वयनी, आज अवस आसा. कोंबो खंय?"

उत्तर यायच्या आत त्यांना श्रीखंडाचा डबा दिसला. तो आपल्याच वाट्याचा समजून त्यांनी घाईघाईने झाकण काढलं आणि नाक दाबून मागे सरले.

"ह्या काय, वयनी?"

काकू पेटी घेऊन बाहेर आल्या. दाराला कुलूप घालत म्हणाल्या, "तुमी म्हणा होतास ताच, भावजी. भायरचा. आदी भितर होता, औषद दिल्यार भायर इला."