गुडुगूची बोली

निपाणीकडून लग्न होऊन महानंदा राजधानीतल्या राजाजीनगरात आली, तेव्हा तिच्या कन्नडला शेजारणी तोंडावर हसायच्या. सीमेवरचं रांगडं कन्नड, त्यात मराठीचा ठसका. पुढे त्याच बोलीने तिला काम दिलं. मुलांच्या एका कार्टून मालिकेत गुडुगू नावाची मुलगी होती. गुडुगू म्हणजे गडगडाट. कोसळते पूल ती खांद्यावर पेलायची. आवाजाच्या चाचणीला महानंदा घाबरली आणि माहेरची बोली तोंडातून सुटली. मालिकावाल्यांना तीच आवडली. उडी घेताना गुडुगू "यप्पा!" म्हणायची, ते कुणी लिहिलेलं नव्हतं, महानंदाचंच होतं. नऊ वर्षं विजापूर-बागलकोटची पोरं कळवत राहिली, 'गुडुगू आमच्यासारखी बोलते.'

मग खऱ्या माणसांना घेऊन गुडुगूचा सिनेमा करायचं ठरलं. दिग्दर्शक चंदन स्वतः घरी आला.

"अक्का, आमच्या नटांना ही बोली तुम्हीच शिकवा."

बारा दिवस तिने चंदनसकट सगळ्यांना आपल्या घरी बसवून जीव ओतून शिकवलं. शब्द कुठे तोडायचा, कुठे ओढायचा, आई रागावली की काय म्हणायची, सगळं.

पहिल्या खेळाला ती नवऱ्याबरोबर, गिरीराजबरोबर, इरकल नेसून गेली. पडद्यावरची गुडुगू गुळगुळीत शहरी कन्नड बोलत होती. महानंदा वाट बघत राहिली. मग खलनायकाचा ढेरपोट्या आचारी आला, लाडू चोरताना घसरला आणि ओरडला, "यप्पा!" थिएटरात हशा पिकला. पुढे त्याच्या तोंडून तिच्या आईचं एकेक वाक्य येत गेलं आणि एकेका वाक्याला हशा. गिरीराजही एकदा हसला. तिच्याकडे नजर जाताच गप्प झाला.

बाहेर तिने चंदनला गाठलं.

"नायिकेने अशी बोली बोललेली लोकांना चालत नाही, अक्का. स्वल्प समजून घ्या."

"नऊ वर्षं कशी चालली?"

"ते कार्टून होतं हो."

"पूल पेलायला चालली ती बोली आता लाडू चोरायला लावलीस? माझ्याच घरात बसून, माझा चहा पिऊन शिकलास रे!"

लोक वळून बघायला लागले. चंदन गाडीत बसून निघून गेला.

पुढच्या आठवड्यात मालिकेचं नवं रेकॉर्डिंग होतं. "सिनेमासारखं शुद्ध बोला," काचेपलीकडून सूचना आली. तिने वाक्य आपल्याच बोलीत म्हटलं. पुन्हा सूचना, पुन्हा तसंच. तिसऱ्यांदा तिने हेडफोन काढून आपटला.

"शुद्ध? माझी बोली काय विटाळलेली आहे?"

तिच्या जागी दुसरी मुलगी आली. सिनेमाही दणक्यात चालला.

"जाऊ दे की. कशाला जीव जाळून घ्यालीस?" गिरीराज म्हणाला.

"जाऊ दे म्हणू नका. तुम्हीबी हसलासा."



महिन्याभराने आचारी झालेल्या नटाचा, नागराजचा फोन आला. "अक्का, माफ करा. मी बागलकोटचा. आमच्या तोंडाला दुसरी भूमिका कोण देतंय?"

झाडून काढायला तिने शिव्या तयार ठेवल्या होत्या. एकही बाहेर पडेना. त्याच्यावर रागावणंसुद्धा चंदनने तिच्याकडून काढून घेतलं होतं, आणि या विचाराने तर ती आणखीच पेटली.

"नागराज," ती म्हणाली, "पुढच्या वेळी नाही म्हण."

"मग खाऊ काय, अक्का?"

तिने फोन ठेवला.