हिरव्या साडीतली मुलगी

माहितीपट करायला लागण्याआधी मी अठरा वर्षं खासगी तपासाची कामं केली. मिठबावच्या एका गृहस्थांनी मला तेव्हाच गाठलं होतं. त्यांची मुलगी वेंगुर्ल्याकडे सासरी विहिरीत सापडली होती. पाय घसरला, असं सासरचे म्हणत होते. मी दोन महिने त्या वाडीत फिरलो. शेवटी शेजारची एक बाई बोलली आणि नवऱ्याला शिक्षा झाली.

पुढे पाळत ठेवण्याचा कंटाळा आला. जुन्या प्रकरणांवर फिल्म करू लागलो. कंटाळा गेला नाही, फक्त हातात कॅमेरा आला.

हीच गोष्ट करायची ठरली तेव्हा ते गृहस्थ वारले होते. त्यांच्या बायको, म्हणजे काकी, एकट्या होत्या. त्यांनी मुलाखत दिली. मग निर्मात्यांनी खुनाचा प्रसंग मागितला. सासरच्या वाडीत आम्हाला कोण उभं करणार? म्हणून मिठबावातच, काकींच्या घरामागच्या बागेतली विहीर घेतली. नाटकात काम करणारी एक मुलगी आणली आणि पंचनाम्यात होती तशी हिरवी साडी तिला नेसवली. काकींना म्हटलं, "आज भायर येव नको."

नवरा झालेला नट तिचे केस धरून तिला विहिरीकडे ओढत होता. चौथ्यांदा. उजेड मनासारखा पडत नव्हता. मी पुन्हा घ्यायला सांगितलं आणि मागे वळलो, तर काकी माडाला टेकून उभ्या होत्या.

"किती येळा मारतलंस रे तिका?" त्यांनी विचारलं.

त्या माझ्या बाजूने सरळ पुढे गेल्या. मुलीच्या गुडघ्याला खरचटलं होतं, ते त्यांनी पदराने पुसलं.

"जेवलंस काय गो?"

मुलीने नाही म्हणून मान हलवली. काकी तिला हाताला धरून घरात घेऊन गेल्या आणि पेज वाढली. आम्ही सगळे बागेत उभे. अर्ध्या तासाने मुलगी बाहेर आली ती साडी बदलूनच. "सर, माझ्याच्यान नाय होवचा," म्हणाली. मी सामान गाडीत भरायला सांगितलं. खरं सांगायचं तर मला बरंच वाटलं.

प्रसंग नको म्हणून मी निर्मात्यांशी भांडलो, पण फार नाही. दमलो होतो. त्यांनी तो दुसऱ्या मुलीला घेऊन मुंबईत चित्रित केला. दिग्दर्शक म्हणून नाव माझंच राहिलं. ते काढा, असं मी म्हटलं नाही.

फिल्म आल्यावर आठवड्याने काकींचा फोन आला.

"त्या चेडवाचो गुडघो बरो झालो मा?"

"झालो," मी म्हणालो. मला माहीत नव्हतं.

"आणि फिल्म बघलास?" मी विचारलं.

"लावल्यानी शेजाऱ्यांनी. मी उठान इलंय." मग त्यांनी विचारलं, "तू कधी येतलंस?"

येतो म्हणालो. त्यानंतर वेंगुर्ल्यापलीकडे रेडीला दोनदा जाऊन आलो, दुसऱ्या प्रकरणासाठी. मिठबावला अजून गेलेलो नाही.