बेचाळीस हात खोल

आसाराम गेला त्याचं दुःख चतुराबाईनं गिळलं असतं. विहिरी खांदणाऱ्याच्या बायकोला ते भय रोजचंच. पण चावडीत पोलिसांच्या अमीनसाहेबानं ‘मयताची गफलत’ असं लिहून घेतलं, आणि तिच्या अंगाची लाही लाही झाली.

विहीर मोहनराव पाटलाची, तलवाड्याच्या शिवारातली. आसाराम तळाशी दगड भरत होता. वर रहाटावर बंकट होता. भरलेलं टोपलं काठाशी आलं, चऱ्हाट तुटलं, आणि टोपलं खाली आसारामच्या डोक्यात.

चावडीत मोहनराव अमीनाला सांगत होते, “साहेब, टोपलं वर याला पान खाऊन होतं इतका येळ लागतो. खाली जायलाबी तेवढाच. बंकट वरडला व्हता. यानं सरकायचं न्हाई का?”

अमीनानं मान डोलावली. दाराबाहेर बसलेली चतुराबाई ताडकन उठली.

“दोरीनं उतरवणं अन् दोरी तुटून पडणं एकच का वो, पाटील?”

“बाई, घरी जा,” अमीन म्हणाला. कुणीतरी फिदकन हसलं. ते हसणं तिच्या काळजात कुसळासारखं रुतलं.

दुसऱ्या दिवशी ती शाळेत गेली. रामकिसन मास्तर पोरांना गणित घालत होते.

“मास्तर, पडणाऱ्या दगडाला किती येळ लागतो, ते तुमाला काढता येतं का?”

मास्तरांचा चेहरा उतरला. “येतं. पर मला ह्यात कावून वढता? पाटलाच्याच वसरीत ऱ्हातो मी.”

“ऱ्हावा की! उद्या तुमच्या डोक्यात दगड पडला तर तुमचीबी गफलतच लिहितेल!”

मास्तर पुन्हा पोरांच्या पाट्यांकडे वळले. पण बाजाराच्या दिवशी सकाळी ते विहिरीवर आले. लोक तलवाड्याच्या वाटेनं चालले होते, ते थांबू लागले. मास्तरांनी विहीर दोरीनं मोजली: बेचाळीस हात. मग दोन हातांहून जराशी लांब सुतळी लिंबाच्या फांदीला टांगली, तिला खडा बांधला. “ह्याचा एका बाजूनं दुसऱ्या बाजूला झोका म्हंजी एक सेकंद,” ते म्हणाले.

मोहनराव धोतर सावरत आले. “काय तमाशा मांडलाय?”

मास्तरांनी झोका सोडला आणि काठावर दगड घेऊन उभ्या असलेल्या बंकटला खूण केली. दगड सुटला. एक झोका गेला, दुसरा आला, आणि तळातून धप्प आवाज झाला. पुन्हा सोडला. पुन्हा तेच.

“बेचाळीस हात, दोन सेकंद,” मास्तरांनी काडीनं मातीत आकडे ओढले. “म्हंजी सेकंदाला सरासरी एकवीस हात. अन् ही नुसती सरासरी. सुटताना दगड हळू असतो, तळाशी येतो तवा त्याचा येग सरासरीच्या दुप्पट असतो.”

“पुस्तकातल्या गोष्टी!” मोहनराव म्हणाले.

“मंग पुस्तक ठिवा बाजूला,” चतुराबाई गरजली. “बंकट, दगड सोड, अन् त्या दिशी वरडलास तसंच वरड!”

बंकटनं दगड सोडला. त्याला आधी दगड पडताना दिसला, मग त्याचं तोंड उघडलं. “आसाराम, सर...” एवढंच निघालं, तोवर दगड तळाला पोचला होता.

बंकट मोहनरावांकडे वळला. “मालक,” तो रडत म्हणाला, “चऱ्हाट झिजलंय म्हणून मी सांगितलं व्हतं. तुमी म्हनलात, एवढं पाणी लागूस्तवर चालतंय.”

गर्दीत कुजबूज उठली. मोहनरावांनी मास्तरांकडे असं पाहिलं, की त्याच संध्याकाळी मास्तरांचं बिऱ्हाड ओसरीतून बाहेर पडलं. ते चतुराबाईच्या शेळ्यांच्या छपरात महिनाभर राहिले.

चतुराबाई दोनदा चालत गेवराईला अमीनाच्या कचेरीत गेली. पहिल्यांदा अमीन भेटला नाही. दुसऱ्यांदा भेटला, तो म्हणाला, “लिहिलेलं बदलत नसतं.”

“दगड पडतो कसा, ते बगायलाबी आला न्हाईत तुमी!” असं त्याच्या तोंडावर बोलून ती बाहेर पडली. शिपायानं ढकललं, तरी तिनं पाठ वाकवली नाही.

कागद काही बदलला नाही. पण मोहनरावांच्या विहिरीत जुन्या चऱ्हाटानं उतरायला पंचक्रोशीतला एकही गडी तयार होईना. त्यांना नवं आणावं लागलं.

पुढं चतुराबाई शेळ्या राखायची. आसपास कुठं विहिरीचं काम लागलं की शेळ्या तिकडंच हाकायची, काठावर बसून चऱ्हाट बोटाच्या पेराएवढ्या अंतरानं चाचपायची. पीळ सुटलेला दिसला की विळ्यानं सरळ तोडून टाकायची. मालक शिव्या घालत राहायचा. ती आपली शेळ्यांमागं निघून जायची.